नीलव्वांचा उजवा डोळा

शुक्रवार पेठेतल्या आमच्या बोळात सकाळी सातच्या सुमारास नीलव्वा दारात येऊन उभ्या राहायच्या आणि समोर जे जे दिसेल ते मोठ्यानं सांगायच्या. ऐकायला कोणी असलंच पाहिजे असं नव्हतं. आधी नाकावरचा जाड भिंगाचा चष्मा काढायचा, लुगड्याच्या पदरानं पुसायचा, पुन्हा चढवायचा आणि मग सुरुवात करायची. "शिंप्यानं दुकान उघडलं. लाल पडदा सारलाय. टाकीवर दोन कावळं बसल्यात. मास्तरांची पोरगी आज दोन येन्या घालून चाललीय." शेजारपाजारचे हसायचे. नीलव्वांना त्याचं काही नव्हतं. "हासू द्यात की," त्या म्हणायच्या. "तीन वरसं ह्याच दारात हुबी ऱ्हाऊन मी नुसता धूर बगितलाय. आता मानसं दिसत्यात तर बोलू नगं व्हय?"

त्यांच्या घराच्या मागच्या खोलीत मी भाड्यानं राहत होते. माझं माहेर बार्शीकडचं. नर्सिंगचं शिक्षण संपवून सोलापुरातल्या एका धर्मादाय डोळ्यांच्या दवाखान्यात मी नुकतीच लागले होते. बहात्तरचा दुष्काळ सरून दोनेक वर्षं झाली होती. नीलव्वा विधवा, एकुलती एक मुलगी गुलबर्ग्याला दिलेली. कडक भाकऱ्या करून त्या खानावळींना आणि घरोघरी पुरवायच्या. सगळा बोळ त्यांना अव्वा म्हणायचा, मीही म्हणू लागले. त्या मला 'शिष्टर' म्हणायच्या. माझं खरं नाव त्यांना ठाऊक होतं की नाही, याची मला आजही खात्री नाही.

मी राहायला गेले तेव्हा त्यांना जवळजवळ दिसत नव्हतं. तरी ज्वारीची भाकरी परातीत फिरायची ती चंद्रासारखी गोल आणि कागदासारखी पातळ. मी थक्क होऊन बघत बसायची. "भाकरीला डोळं लागत न्हाईत शिष्टर," त्या म्हणायच्या. "भाकरी हातानं बगायची असती." त्यामुळे दवाखान्यात चला, मोतीबिंदू काढून घ्या, असं मी कितीदा म्हटलं तरी त्या मनावर घ्यायच्या नाहीत. भाकरी होतेय ना, मग डोळ्याचं कशाला?

एके दिवशी सकाळी मात्र मी कामावर निघाले तशी त्यांनी हाक मारली. त्या पूजेला बसल्या होत्या. त्यांच्या लिंगायत घरातल्या रीतीप्रमाणे गळ्यातलं लिंग काढून डाव्या तळहातावर ठेवायचं, त्याच्याकडे टक लावून पाहायचं आणि मग मनात नाव घ्यायचं. अव्वांचा तळहात तसाच उघडा होता आणि गालांवरून पाणी वाहत होतं. "हातावर हाय त्ये मला कळतंय गं. पन दिसंना झालंय. नुसतं कळून काय करू?" त्या म्हणाल्या. त्याच आठवड्यात मी त्यांना दवाखान्यात नेलं.

डाव्या डोळ्याची नजर आधीच गेलेली होती; उजव्याचं ऑपरेशन आमच्या मोठ्या डॉक्टरांनी केलं. हत्यारं देण्याचं काम माझ्याकडे होतं. मोतीबिंदू त्याच्या पिशवीसकट अख्खा बाहेर काढायचा, अशी तेव्हाची पद्धत. अव्वांच्या डोळ्यात ती पिशवी काढता काढता फाटली. तसं कधी कधी व्हायचं. डॉक्टरांनी शांतपणे आतला गढूळ भाग धुऊन काढला, पण पिशवीचा मागचा पातळ पडदा आतच राहिला. हात धुताना ते मला म्हणाले, "आज पडदा स्वच्छ आहे. कदाचित जन्मभर तसाच राहील. पुढे गढूळ झाला तर बघू. आत्तापासून बाईंना घाबरवायचं कारण नाही."

मला ते बरंच वाटलं. मीच त्यांना आग्रह करून आणलेलं होतं.

सात दिवस डोक्याच्या दोन्ही बाजूंना वाळूच्या पिशव्या लावून अव्वा उताण्या पडून राहिल्या. दीड महिन्यानं चष्मा आला. त्या दिवशी त्यांनी पहिल्यांदा मला नीट पाहिलं आणि म्हणाल्या, "अगं, तू तर लई ल्हान हाईस की! मी तुला चाळिशीची समजत हुते." आवाजावरून मी पोक्त वाटत होते म्हणे.

त्यानंतर अव्वा अशा काही बदलल्या की बोळातल्या लोकांना त्या आवरेनात. भाकरीचं टोपलं घेऊन जिथं जातील तिथं ऑपरेशनची गोष्ट. कोणाच्या डोळ्यात पांढरं दिसलं की त्याची हनुवटी धरून तोंड उजेडाकडे फिरवायच्या. मैंदर्गी हे त्यांचं माहेर. तिथं निम्मी माणसं घरात कन्नड बोलणारी. सोलापूरचा दवाखाना, मराठी बोलणारे डॉक्टर, डोळ्यात सुरी, या सगळ्याची तिथल्या बायकांना धास्ती. अव्वा एस्टीनं तिकडं जायच्या, बायकांच्या घोळक्यात बसायच्या आणि चष्मा काढून उजवा डोळा दाखवायच्या. "ह्यो बगा. आत काई न्हाई आता. समदं काढून टाकलंय. मुंगी भितीवर चढती ती बी दिसती मला." दोन वर्षांत त्यांच्या शब्दावर कितीतरी बायका आमच्याकडे येऊन गेल्या. डॉक्टर कौतुकानं म्हणायचे, आपण शंभर पत्रकं वाटली तरी या बाईची सर येणार नाही.

समदं काढून टाकलंय, असं त्या म्हणायच्या तेव्हा मी तिथं असले तर दुसरीकडे बघायची.

तिसऱ्या वर्षी पावसाळ्यानंतर मैंदर्गीच्या बारा बायकांनी थंडीतल्या ऑपरेशनसाठी नावं दिली. त्यांत अव्वांची धाकटी बहीण गुरव्वाही होती. तिला दोन्ही डोळ्यांनी कमी दिसत होतं. तिनं हो म्हणावं म्हणून अव्वांनी दोन वर्षं तिच्या मागे लकडा लावला होता. नाव लागलं तेव्हा त्या बोळात सगळ्यांना सांगत सुटल्या.

त्याच दिवसांत एकदा सकाळी दारात उभ्या राहून त्यांनी शिंप्याचा लाल पडदा सारल्याचं सांगितलं. शिंप्यानं तो पडदा काढून निळा लावला होता, त्याला पंधरा दिवस झाले होते. मी हसून म्हटलं, "अव्वा, निळा आहे." त्या म्हणाल्या, "त्येच की. जिभंला सवय लागलीय." मीही पुढे काही विचारलं नाही.

मग गुरुवार आला. गुरुवारी मला अर्धी सुट्टी असायची. दुपारी घरी आले तर अव्वा परातीपुढे बसल्या होत्या, पीठ मळलेलं, भाकरी थापणं चाललेलं. मी आत येताच म्हणाल्या, "ये गं. आज ऊन लई लख्ख पडलंय न्हाई का?"

मी त्यांच्या तोंडाकडे बघतच राहिले. चष्म्याची दोन्ही भिंगं पिठानं पांढरी झाली होती. कुठून तरी बारीकशी दिसण्याजोगी जागाही उरलेली नव्हती. दिवसातून दहादा चष्मा पुसणारी ती बाई त्या पांढऱ्या भिंगांतून माझ्याकडे बघून हसत होती.

मी जवळ जाऊन चष्मा काढला, पदरानं पुसला आणि पुन्हा त्यांच्या नाकावर ठेवला. आपण पकडल्या गेलो, हे त्यांना कळलं. हात भाकरीवर तसेच राहिले.

"किती दिवस झाले, अव्वा?"

"आखाडापासनं. आदी वाटलं चष्माच खराब हाय. मग कळालं, मोतीबिंदू पुन्ना आला." मग एकदम माझा हात धरला. पीठ माझ्या मनगटाला लागलं. "कुनाला सांगू नगंस. थंडी हुईस्तवर कळू द्याचं न्हाई. त्या बाराच्या बारा माज्या डोळ्याकडं बगून तयार झाल्यात. माजाच डोळा गेला म्हनल्यावर कोन येईल? गुरी तर आदी पळंल."

"अव्वा, मोतीबिंदू परत येत नसतो."

"मग ह्ये काय आलंय?"

आता सांगण्यावाचून सुटका नव्हती. मी खाली बसले आणि त्यांना सांगितलं. ती पिशवी, ती फाटली ते, मागे राहिलेला पडदा, तोच आता गढूळ झाला असणार.

"ऱ्हायला हुता? आतच?"

"हो."

"तुला कवा कळालं?"

"त्याच दिवशी."

 थापलेली भाकरी अव्वांनी तव्यावर टाकली, पाण्याचा हात फिरवला, उलटली, शेकली आणि टोपल्यात ठेवली. मग म्हणाल्या, "म्हंजी दोन वरसं मी गावभर बोंबलत फिरले, समदं काढून टाकलंय म्हनून. आनि तू शेजारी हुबी ऱ्हाऊन ऐकत हुतीस." थोड्या वेळानं, "मी बी लपवलं, तू बी लपवलंस. दोगी सारक्याच की."

तीन दिवस त्या माझ्याशी कामापुरतंही बोलल्या नाहीत. चौथ्या दिवशी सकाळी माझ्या खोलीच्या दाराशी आल्या. "रजा टाक. मैंदर्गीला जायचंय."

"आधी डोळा दाखवूया ना दवाखान्यात. बरा झाला की मग सांगा."

"बरा झाल्यावर कुनी बी सांगंल," अव्वा म्हणाल्या. "आता दिसत न्हाई, तवाच सांगायचं."

डोळा मात्र मी जाण्याआधी डॉक्टरांकडून तपासून घेतला. त्या मागच्या पडद्याला मधोमध बारीक फट पाडली की उजेडाला वाट मिळते आणि पुन्हा दिसू लागतं, असं त्यांनी समजावून सांगितलं. आज त्याच पडद्याला लेसर असतो. अलीकडेच माझ्या डोळ्याला केला. यंत्रापुढे हनुवटी टेकवून बसले, काही वेळ टिकटिक झाली, तासाभरानं माझी मी घरी आले. तेव्हा असलं काही नव्हतं. सुईसारखं बारीक पातं डोळ्यात घालून पडदा चिरायचा. डोळ्यात पू होऊ शकतो, आतलं बिघडून उरलीसुरली नजरही जाऊ शकते, हे डॉक्टरांनी या वेळी सगळं सांगितलं. अव्वांनी ऐकून घेतलं. म्हणाल्या, "ह्ये सांगितलंत, बरं झालं. दोन दिस थांबा. जाऊन येते."

अक्कलकोटला गाडी बदलून आम्ही मैंदर्गीला पोचलो तेव्हा उन्हं कलली होती. गुरव्वाच्या अंगणात बायका जमल्या. अव्वा कधी कन्नडमध्ये, कधी मराठीत बोलत होत्या. 'सुळ्ळु' म्हणजे खोटं, एवढं कन्नड मला येत होतं. तो शब्द त्यांच्या बोलण्यात तीन-चारदा आला. त्या रडल्या नाहीत, हातवारेही केले नाहीत. दोन वर्षं दिसलं, आता दिसत नाही. पडदा राहिला होता. सगळ्यांचा राहतो असं नाही. त्याला सुईचा उपाय आहे, पण त्यालाही भीती आहे. हे सगळं त्यांनी सांगितलं आणि मधूनमधून मला विचारलं, "बरोबर सांगितलं का शिष्टर? काई ऱ्हायलं का?"

एक बाई म्हणाली, "मग काय उपेग झाला गं तुज्या आपरेशनचा?"

"दोन वरसं मी हातावरचा देव बगितला की," अव्वा म्हणाल्या. "त्येवडं बी मिळालं नसतं."

 सगळ्यांच्या मागे भिंतीला टेकून गुरव्वा बसली होती. ती उठली, भिंतीवर हात ठेवत घराच्या दाराकडे गेली आणि उंबऱ्यात थांबून म्हणाली, "नन्ग ब्याड, अक्का." मला नको. आणि आत गेली.

परतीच्या गाडीत अव्वा खिडकीशी बसल्या होत्या. सोलापूर येईपर्यंत त्या एवढंच म्हणाल्या, "पाच जनी गेल्या. सात ऱ्हाईल्या."

सुईच्या दिवशी टेबलावर पडल्यावर त्यांनी माझा पदर पकडला. "तू बगत ऱ्हा आनि मला समदं सांगत ऱ्हा. काई राकू नगंस." डॉक्टरांनी भुवया उंचावल्या, मग मानेनं होकार दिला. म्हणून मी हत्यारं देता देता सांगत राहिले. आता थेंब घातलेत. आता डोळा बधिर झाला. आता पातं आत जातंय, हलू नका. आता पडद्याला लागलं. अव्वांचे ओठ हलत होते, बाकी सगळं अंग दगडासारखं स्थिर होतं. "फट पडली, अव्वा. मधोमध पडली," मी म्हटलं तेव्हा माझाच आवाज फाटला. डॉक्टर म्हणाले, "सिस्टर, पट्टी." तेव्हा मी भानावर आले.

दुसऱ्या दिवशी पट्टी सोडून चष्मा घातला. अव्वांनी समोर उभ्या डॉक्टरांकडे नीट बघून घेतलं आणि म्हणाल्या, "तुमच्या सदऱ्याचं एक बटान तुटलंय." तो डोळा पुढे त्यांना चांगली साथ देत राहिला.

थंडीत मैंदर्गीच्या सात बायका आल्या. तेव्हापासून आमच्या दवाखान्यात एक नवी रीत पडली. ऑपरेशनच्या आदल्या संध्याकाळी अव्वा वॉर्डात यायच्या आणि कन्नड बोलणाऱ्या बायकांना सगळं सांगायच्या, वाईट शक्यतांसकट. पुढे कधी धूसर दिसलं तर लाजून घरी बसू नका, आमच्यासारखं करू नका, असं शेवटी असायचं. त्यातलं 'आमच्यासारखं' म्हणताना त्या माझ्याकडे बघायच्या. ऐकून एखादी बाई उठून घरी गेली, तर त्या तिला अडवायच्या नाहीत.

दीड वर्षानं गुरव्वाला दवाखान्यात आणलं ते बैलगाडी आणि एस्टी करत, डोकं धरून विव्हळत. पिकून पिकून मोतीबिंदू आतल्या आत फुटला होता, डोळ्यात दाब वाढला होता. तो डोळा गेलाच होता. दुसऱ्यात आधीपासूनच दाब चढत होता, त्याचीही नस सुकली होती. डॉक्टरांनी दोन्ही डोळे तपासले आणि बाहेर येऊन अव्वांना स्पष्ट सांगितलं. फार उशीर झाला. दुखणं थांबवता येईल, नजर येणार नाही.

अव्वा बाकावर बसून राहिल्या. मी शेजारी जाऊन बसले. मग त्या म्हणाल्या, "मी त्या दिशी गप बसले असते, तर गुरी आली असती. आज बगत असती."

"अव्वा, तुम्ही खरं तेच सांगितलंत."

"व्हय. खरं सांगितलं. आनि ती आंदळी झाली." मग पदर सावरत उठल्या. "खरंच सांगायचं हुतं. पन त्येची किंमत गुरीनं दिली, मी न्हाई. त्ये मला इसरता येनार न्हाई."

गुरव्वालाही नवरा नव्हता, मूलबाळ नव्हतं. दवाखान्यातून सुटल्यावर अव्वांनी तिला सरळ शुक्रवार पेठेत आणलं. तिच्या ताटात भाकरी कुस्करून द्यायच्या, तिची वेणी घालायच्या, हात धरून देवळात न्यायच्या. आयुष्यभर मोठ्यानं बोललेल्या अव्वा गुरव्वाशी फार हळू बोलायच्या. कधी कधी भाकऱ्या थापता थापता मध्येच थांबायच्या आणि विचारायच्या, "गुरी, मी तवा बोलले नसते तर तू आली असतीस न्हवं?" गुरव्वा उत्तर द्यायची नाही. मागच्या खोलीत मला ते ऐकू यायचं. असं मी कितीतरी वेळा ऐकलं.

पुढे माझी बार्शीला नोकरी लागली आणि मी सोलापूर सोडलं. वर्षभरानं शिंप्यानं पाठवलेली तार आली. अव्वा दोन दिवसांच्या तापानं गेल्या होत्या. मी पहिल्या गाडीनं निघाले, पण पोचले तेव्हा मातीही देऊन झाली होती. गुलबर्ग्याची मुलगी आलेल्या माणसांना पाणी देत होती. चुलीजवळ गुरव्वा बसली होती.

मी तिच्यापाशी जाऊन बसले, बोलले. तिनं आवाज ओळखला. माझा हात चाचपून धरला आणि बराच वेळ सोडला नाही. मग एकदम म्हणाली, "शिष्टर, मी येनारच नव्हते."

मला कळलं नाही.

"आपरेशनला. नाव लिवलं हुतं, पन मी येनार नव्हते. मला लई भ्या वाटायचं. थंडी आली की काईतरी कारन काढून ऱ्हायचं, असं मी आदीच ठरवलं हुतं. त्या दिशी अक्का बोलली, मला निमित्त गावलं. बास, त्येवडंच."

मी म्हटलं, "मग हे तुम्ही अव्वांना का नाही सांगितलंत? त्या किती वेळा विचारायच्या तुम्हाला."

गुरव्वानं मान खाली घातली. "सांगितलं असतं तर तिनं मला हितं ठिवून घेतलं असतं का? तिला वाटायचं तिच्यामुळं माजं डोळं गेलं, म्हनून तर मला संबाळत हुती. ती मला सोडंल ह्याचं बी भ्या वाटायचं."

मी तिला सांगितलं की अव्वांनी तिला सोडलं नसतं. खरं सांगितलं असतं तरी तिला घरी आणलंच असतं, तिची वेणीही घातली असती. पुन्हा पुन्हा सांगितलं. ती मान हलवत होती. पण तिला ते पटलं की नाही, तिच्या चेहऱ्यावरून मला काही कळलं नाही.